शीळ घालणारा कस्तूर

मंडळी, आषाढातली एक पहाट डोळ्यांपुढे आणा. रात्रभर पाऊस कोसळला आहे. डोंगर ढगात बुडाला आहे. वळचणीच्या पागोळ्या अजून गळताहेत. उजाडायला थोडा अवकाश आहे. अशा वेळी वरच्या ओढ्याकडून शीळ ऐकू येते.

ही शीळ साधी नव्हे. ती वर चढते, खाली येते, मध्येच थांबते, पुन्हा सुरू होते. एखादा पोरगा गुरे सोडून निघाला आहे, आणि स्वतःच्याच नादात शीळ घालतो आहे, असे वाटते. नवखा माणूस दचकतो. एवढ्या पहाटे, एवढ्या पावसात, ओढ्यावर कोण असेल? कुणी म्हणते चोर असेल. कुणी भुताखेताचे नाव घेते.

चोर नाही आणि भूत तर मुळीच नाही. तो एक पक्षी आहे. त्याचे नाव शीळकरी कस्तूर. आज या पक्ष्याची माहिती आम्ही तुम्हाला सांगणार आहोत. पण त्याआधी आमची एक चूक सांगतो. ती सांगितल्यावाचून ही माहिती पुरी होत नाही.

आमची चूक

आमचे गाव उर्से. मावळ तालुक्यात, तळेगावाजवळ. मुंबईहून पुण्याला जाणारा मोठा द्रुतगती मार्ग आमच्या गावावरून जातो. तिथल्या टोलनाक्यामुळे गावाचे नाव पुष्कळांना ठाऊक आहे. आम्ही मास्तरकीत जन्म घालवला. शेवटी हेडमास्तर होऊन पेन्शनीत निघालो.

नोकरीच्या सुरुवातीला आमची नेमणूक मावळच्या पश्चिम बाजूला, डोंगराच्या पायथ्याशी झाली होती. या गोष्टीला आता चाळीस वर्षे होतील. शाळा म्हणजे एक लांबट खोली. मागे ओढा, ओढ्यापलीकडे झाडी, वर कडा. पावसाळ्यात ओढ्याचा आवाज एवढा, की आम्हाला ओरडून शिकवावे लागे.

एकदा आम्ही फळ्यावर गणित घालत होतो. पाठ वर्गाकडे होती. तोच शीळ ऐकू आली. आम्ही वळून पाहिले. सगळी पोरे गप्प. आम्ही पुन्हा फळ्याकडे वळलो. पुन्हा शीळ. आता आम्हाला राग आला. खिडकीपाशी एक पोरगा बाहेर बघत हसत होता. वरच्या धनगरवस्तीतला होता तो. रोज तासभर डोंगर उतरून शाळेला येई.

आम्ही विचारले, “शीळ कोणी घातली रे?”

तो म्हणाला, “म्या न्हाई गुर्जी. पाखरानं घातली. त्ये बघा, दगडावर बसलंय.”

आम्ही म्हणालो, “पाखरू माणसासारखी शीळ घालते होय? वर तोंड करून खोटे बोलतोस?”

आणि आम्ही त्याच्या हातावर दोन छड्या ओढल्या. खिडकीतून बाहेर पाहिलेसुद्धा नाही. पाहायला फार तर दोन पावले टाकावी लागली असती.

दुसऱ्या दिवसापासून तो पोरगा आला नाही. आवणीचे दिवस होते. शेतावर गेला असेल, असे आम्ही समजलो. पुढच्या रविवारी आम्ही शाळेतच मुक्कामाला होतो. पहाटे जाग आली ती त्याच शिळेने. शाळेला सुट्टी, पोर एकही नाही. आम्ही इरले डोक्यावर घेतले आणि ओढ्याकाठी गेलो. पाहतो तो एका ओल्या दगडावर एक काळा पक्षी बसलेला. त्याने चोच उघडली. शीळ आली. चोच मिटली. शीळ थांबली.

आमची मान खाली गेली.

त्याच दिवशी आम्ही वस्तीवर चढून गेलो. पोराचा बाप म्हणाला, “गुर्जी, पोरगं आता म्हसरांमागं जातंय. साळंचं नाव काढीना.” आम्ही पोराला जवळ बोलावले. सगळ्यांदेखत म्हणालो, “चूक आमची झाली. खरे तूच बोलत होतास.” तो काही बोलला नाही. पण थोड्या वेळाने त्याने आम्हाला खुणेने बोलावले. एका धबधब्यापाशी नेले. पाण्याच्या पडद्याआड कपारीत शेवाळाचे एक घरटे होते. ते त्याने आम्हाला दाखवले. राग त्याने मनात ठेवला नाही. पण शाळेत तो पुन्हा आला नाही तो नाहीच. दोन छड्यांनी एक पोर अक्षरांपासून तुटले.

या पक्ष्याची पुस्तके आम्ही पुढे शोधून वाचली. पण तो आम्हाला पहिल्यांदा दाखवला त्या पोराने. आता माहिती ऐका.

तो दिसतो कसा?

शीळकरी कस्तूर साळुंकीपेक्षा थोडा मोठा असतो. चोचीपासून शेपटीपर्यंत सुमारे २५ सेंटिमीटर, म्हणजे वीतभरापेक्षा थोडा जास्त. चोच काळी. पाय काळे आणि मजबूत. अंग लांबून काळेकुट्ट दिसते. पण उन्हाची तिरीप पडू द्या, मग पाहा. कपाळावर आणि खांद्यावर निळा रंग झळकतो. मोराच्या मानेची आठवण व्हावी, असा निळा.

नर आणि मादी दिसायला सारखीच. पिल्लांच्या कपाळावर मात्र निळी चमक नसते. ती पुढे येते.

या निळ्या रंगाची एक गंमत आहे. आपण कपड्यांना नीळ देतो. ती खरी नीळ, पाण्यात मिसळते. पक्ष्याच्या पिसात अशी नीळ कुठेच नसते. पिसाची घडणच इतकी बारीक असते, की तिच्यावर पडलेल्या उजेडातला निळा रंग तेवढा आपल्या डोळ्यांकडे परततो. म्हणून सावलीत हा पक्षी काळा आणि उजेडात निळा. ते पीस कुटून त्याची पूड केली, तर निळा रंग नाहीसा होईल.

नावावरून आणखी एक घोटाळा होतो. कस्तूर म्हटले की लोकांना कस्तुरी आठवते. कस्तुरी मिळते ती हिमालयातल्या कस्तुरीमृगापासून. आपल्या पक्ष्याचा तिच्याशी काही संबंध नाही.

तो राहतो कुठे?

या पक्ष्याचे घर म्हणजे सह्याद्री. उत्तरेला गुजरातेतल्या डांगाच्या जंगलापासून तो दक्षिणेला केरळापर्यंत सगळ्या घाटात तो आढळतो. सातपुड्यातही आहे. आपल्या देशाबाहेर तो कुठे राहत नाही. म्हणजे हा पुरता आपल्या मातीतला पक्षी आहे. थंडीच्या दिवसांत तो थोडा खाली, पायथ्याकडे उतरतो, एवढाच काय तो त्याचा प्रवास.

मावळात त्याला हव्या त्या गोष्टी आहेत. आपल्या तालुक्यात पूर्वेकडून पश्चिमेकडे निघालात, की पाऊस वाढत जातो. तळेगावाकडे पाऊस बेताचा. लोणावळ्याला मात्र वर्षाला ४००० मिलिमीटरच्या वर पडतो. मिलिमीटर म्हणजे काय? जमिनीवर पडलेले सगळे पाणी वाहून न जाता, न मुरता साचून राहिले, तर लोणावळ्याला ते ४ मीटरच्याही वर चढेल. घराचे आढे बुडेल एवढे! म्हणून तिकडे ओढे पुष्कळ, धबधबे पुष्कळ, झाडीही दाट. भाजे, कार्ला, लोहगड, राजमाची, खंडाळ्याचा घाट, या बाजूला पावसाळ्यात गेलात आणि कान उघडे ठेवलेत, तर ही शीळ ऐकू येईल.

पण नुसते जंगल त्याला पुरत नाही. त्याला वाहता ओढा लागतो. ओढ्यात दगडधोंडे लागतात. काठाला झाडांची सावली लागते. वर ओल्या कड्याची कपार लागते. यातले एक गेले तरी त्याचे अडते. का अडते, ते त्याच्या खाण्यावरून कळेल.

खाणे आणि घरटे

ओढ्याच्या दगडांवरून हा पक्षी टुणटुण उड्या मारीत हिंडतो. वाकून ओल्या फटीत चोच घालतो. पाण्यातले आणि काठावरचे किडे, गांडुळे, गोगलगायी, लहान बेडूक आणि खेकडे हे त्याचे खाणे. रानातली फळेही खातो. गोगलगाय किंवा खेकडा सापडला, तर तो चोचीत धरून दगडावर आपटतो. कवच फुटले की आतले मांस खातो. आपल्या आयाबाया वरवंट्याने ठेचतात ना, तसेच ते. फक्त याचा पाटा म्हणजे ओढ्यातला दगड.

आता पाहा. झाडे तोडली, की ओढ्यावर ऊन पडते. ओल लवकर जाते. ओल गेली, की गांडूळ खाली जाते, खेकडा बिळात जातो, गोगलगाय दिसेनाशी होते. मग पक्ष्याने खावे काय? म्हणून सावली, ओल, खेकडा आणि पक्षी ही एकाच दोरीची पेडे आहेत. एक पेड तुटला, की दोरी कमजोर झाली.

उन्हाळा सरता सरता आणि पावसाळ्यात तो घरटे करतो. शेवाळ, बारीक मुळ्या आणि माती यांची एक वाटी बनवतो. ती ठेवतो कुठे? कड्याच्या कपारीत, पुष्कळदा धबधब्याच्या पडद्यामागे. तिथे साप-मुंगुसाला जाणे अवघड. कधी तो पुलाखाली, तर कधी घराच्या आढ्यालाही घरटे करतो. मादी दोन ते चार अंडी घालते. नर-मादी दोघेही आळीपाळीने ती उबवतात. सोळा-सतरा दिवसांत पिल्ले बाहेर येतात. पिल्लांना पुष्कळ खाऊ लागतो. नेमक्या त्याच वेळी पावसाने सगळे रान किड्यांनी भरलेले असते. आपणही पेरणी पाऊस पाहूनच करतो. या पक्ष्याचा संसारही पावसाच्या हिशेबाने चालतो.

त्याची शीळ पावसाळ्यात जास्त का ऐकू येते, ते आता ध्यानात येईल. ज्या दिवसांत घरटे, त्याच दिवसांत गाणे. “हा ओढा माझा आहे, दुसऱ्याने इकडे येऊ नये,” असे तो शिळेतून इतर कस्तुरांना बजावतो. आणि जोडीदारालाही त्या शिळेने बोलावतो. आपण बांधाला खुणेचा दगड पुरतो. याचा बांध आवाजाचा आहे.

त्याचा पत्ता

पत्र पाठवायचे तर नुसते नाव लिहून चालत नाही. जिल्हा लिहा, तालुका लिहा, गाव लिहा, मग माणसाचे नाव. तेव्हा पत्र बरोबर घरी पोचते. शास्त्रज्ञांनीही प्रत्येक प्राण्याचा असा पत्ता ठरवला आहे. याला वर्गीकरण म्हणतात. ही रीत बसवली स्वीडन देशाच्या कार्ल लिनियस नावाच्या शास्त्रज्ञाने. १७५८ साली छापलेल्या ग्रंथात त्याने प्राण्यांना दोन-दोन शब्दांची नावे दिली. पहिला शब्द आडनावासारखा, दुसरा खुद्द नावासारखा. जगात कुठेही जा, ते नाव एकच. आपल्याकडे बारा कोसांवर भाषा बदलते आणि पाखरांची नावेही बदलतात. शास्त्रातले नाव तसे बदलत नाही.

आपल्या कस्तुराचा पत्ता असा. सुरुवात वर्गापासून करू. त्याचा वर्ग पक्षी. ज्याला पिसे आहेत तो पक्षी. जगात पक्ष्यांच्या सुमारे ११,००० जाती आहेत.

वर्गाच्या आत गण. आपला कस्तूर ज्या गणात येतो, त्यात जगातल्या निम्म्याहून जास्त पक्ष्यांच्या जाती आहेत. चिमणी, साळुंकी, बुलबुल, सुगरण, सगळी त्यातलीच. यांच्या पायाला तीन बोटे पुढे आणि एक मागे असते. फांदी घट्ट धरून बसायला हा पाय सोयीचा. या गणातला फार मोठा भाग म्हणजे गाणारे पक्षी.

इथे एक नवल ऐका. कावळा गाणाऱ्या पक्ष्यांत मोडतो आणि कोकीळ मोडत नाही! तुम्ही म्हणाल, मास्तरांचे डोके फिरले. पण शास्त्र गोड-कडू पाहत नाही. ते गळ्याची घडण पाहते. कावळ्याच्या गळ्याची घडण गाणाऱ्या पक्ष्यांची आहे. कोकिळेचे कुळ निराळे.

गणाच्या आत कुल, कुलाच्या आत प्रजाती, आणि प्रजातीच्या आत जाती. शीळकरी कस्तुराचे शास्त्रातले नाव आहे मायोफोनस हॉर्सफिल्डी. ते १८३१ साली निकोलस व्हिगर्स नावाच्या आयरिश शास्त्रज्ञाने दिले. हॉर्सफिल्ड हे एका डॉक्टराचे नाव. हा अमेरिकेत जन्मला, जावा बेटावर राहिला आणि पुढे लंडनला ईस्ट इंडिया कंपनीचे संग्रहालय पाहू लागला. त्याच्या मानासाठी पक्ष्याला त्याचे नाव दिले. ज्यांच्या ओढ्यावर हा पक्षी पिढ्यान्‌पिढ्या गातो आहे, त्यांच्यातल्या कुणाचे नाव मात्र त्याला मिळाले नाही. याचा राग मानू नये. ज्याने लिहिले, त्याचे शब्द राहिले. एवढे ध्यानात ठेवावे.

फेरफार नोंद

सात-बाराचा उतारा तुम्ही सगळ्यांनी पाहिला आहे. वारसा झाला, वाटणी झाली, की तलाठी फेरफार नोंद घालतो. जमीन असते तिथेच असते. नोंद मात्र बदलते. आपल्या कस्तुराच्या बाबतीत असाच एक फेरफार झाला.

पूर्वी त्याला कस्तुरांच्या कुलात धरत. अंगाने, चालीने तो कस्तुरासारखा दिसे, म्हणून. आपल्या रानात एक नारिंगी डोक्याचा कस्तूर असतो. डोके आणि पोट नारिंगी, पाठ निळसर राखी. तो पाचोळा उलटून किडे शोधतो. दोघांना एकाच घरातले समजत.

पुढे रक्तातले आणि पेशींतले अनुवंशाचे धागे वाचायची विद्या निघाली. बाप-लेकाचे नाते ज्या तपासणीने ठरवतात, तीच ही विद्या. इंग्रजीतून आलेले तिचे नाव डीएनए. २०१० सालच्या सुमारास शास्त्रज्ञांनी या विद्येने पक्ष्यांची नाती पुन्हा तपासली. तेव्हा कळले, की शीळकरी कस्तूर हा खऱ्या कस्तुरांचा सख्खा नाही. तो माशीमार पक्ष्यांच्या कुलातला आहे. आपल्या अंगणात येणारा काळा-पांढरा दयाळ आणि शेपटी उभी करून नाचणारा चिरक, हे दोघेही पूर्वी कस्तुरांच्या घरात नोंदले होते. तेही माशीमारांच्या घरात आले. नारिंगी डोक्याचा कस्तूर मात्र जुन्याच घरात राहिला.

गंमत अशी, की मायोफोनस या ग्रीक शब्दाचा अर्थच माशी मारणारा असा आहे. हे नाव दोनशे वर्षांपूर्वीचे. नाव आधी बरोबर पडले आणि घर मागाहून सापडले.

यातून काय शिकायचे? वरवरच्या रूपावरून निकाल देऊ नये. शास्त्रज्ञही चुकतात. पण चूक दिसली, की ते नोंद दुरुस्त करतात. त्यात कमीपणा मानत नाहीत. आम्ही वर्गात रूपावरून नव्हे, तर नुसत्या संशयावरून निकाल दिला होता. आमची नोंद दुरुस्त करायला आम्हाला उशीर झाला.

गळ्यातली जोडपेटी

हा पक्षी एवढे सूर काढतो कसे? माणसाचा आवाज गळ्याच्या वरच्या भागात तयार होतो. पक्ष्याची आवाजाची पेटी खाली, छातीत असते. श्वासाची नळी जिथे दोन फुप्फुसांकडे फुटते, नेमकी त्या फाट्यावर. त्यामुळे तिला दोन बाजू असतात. गाणारे पक्षी या दोन्ही बाजू वेगवेगळ्या हलवू शकतात. जणू एकाच छातीत दोन बासऱ्या.

दुसरे म्हणजे, गाणारे पक्षी गाणे शिकतात. पिल्लू मोठ्यांचे ऐकते, बोबडे गाते, चुकते, पुन्हा गाते. शेवटी त्याला सूर सापडतो. माणसाचे लेकरू बोलायला असेच शिकते. आणि तुम्हीही अक्षरे अशीच शिकलात. पहिला ‘क’ वाकडा आला असेल. म्हणून कोणी शिकणे सोडले नाही.

इंग्रजीत या पक्ष्याला ‘शीळ घालणारा शाळकरी पोर’ असे टोपणनाव आहे. हे पहिल्यांदा वाचले, तेव्हा आम्ही पुस्तक मिटून बराच वेळ बसून राहिलो. शिळेवरून पोराचा भास आम्हा एकट्यालाच झाला नव्हता. जगाला तो भास झाला आणि जगाने पक्ष्याला गोड नाव दिले. आम्ही मात्र छडी उचलली.

मुंबईचा एक मुलगा

आता दुसऱ्या एका मुलाची गोष्ट ऐका. १८९६ साली मुंबईत एक मुलगा जन्मला. आईबाप लवकर वारले. मामाने वाढवला. दहा-बारा वर्षांचा असताना त्याने खेळण्यातल्या बंदुकीने एक चिमणी मारली. पाहतो तो तिच्या गळ्यावर पिवळा ठिपका. ही कोणती चिमणी? मामाला सांगता येईना. मामाने त्याला मुंबईच्या एका संस्थेत पाठवले. निसर्गाचा अभ्यास करणारी ही संस्था १८८३ साली स्थापन झाली. बॉम्बे नॅचरल हिस्टरी सोसायटी तिचे नाव. आजही ती चालू आहे.

तिथे मिलर्ड नावाचे इंग्रज गृहस्थ चिटणीस होते. मुलगा भीत भीत आत गेला. मिलर्डसाहेबांनी त्याला हाकलले नाही. चिमणीची जात सांगितली. मग कपाटाचे खण एकामागून एक उघडून जतन केलेले पक्षी त्याला दाखवले. त्या दिवसापासून मुलाला पक्ष्यांचा नाद लागला. तो मुलगा म्हणजे डॉक्टर सालिम अली. त्यांनी सारा हिंदुस्थान पायाखाली घातला आणि पक्ष्यांवर मोठमोठे ग्रंथ लिहिले. १९८७ साली ते वारले, तोवर साऱ्या जगात त्यांचे नाव झाले होते.

एका मुलाने पक्षी दाखवला, तर त्याच्यापुढे खण उघडले गेले. दुसऱ्या मुलाने पक्षी दाखवला, तर त्याला छड्या मिळाल्या. दोन्ही मुले खरेच बोलत होती. आमच्या हातून काय गेले, ते तुम्हीच समजा.

ओढा राखला तर

शीळकरी कस्तूर आज धोक्यात नाही. सह्याद्रीत तो पुष्कळ आहे. पण त्याचा एक भाऊबंद श्रीलंकेच्या डोंगरात राहतो. तोही जंगलातल्या ओढ्याकाठचाच. तिथले जंगल कमी झाले आणि तो पक्षी दुर्मिळ झाला. भावाच्या घराला आग लागली, की आपल्या घरावर नजर ठेवावी.

रानातला पक्षी पकडणे किंवा पिंजऱ्यात ठेवणे हा गुन्हा आहे. १९७२ सालच्या वन्यजीव कायद्याने त्याला बंदी आहे. पूर्वी शिळेसाठी हा कस्तूर पिंजऱ्यात पाळत. आता तसे करू नये. पण पक्षी पकडला नाही, एवढ्याने आपले काम संपत नाही. ओढ्याकाठची झाडे राखली पाहिजेत. उन्हाळ्यात डोंगराला वणवा लावू नये. पावसाळ्यात शहरची माणसे धबधब्यावर येतात आणि बाटल्या, पिशव्या टाकून जातात. त्यांना दोन शब्द गोडीने सांगावेत. धबधब्यामागच्या कपारीत हात घालू नये, पोरांना घालू देऊ नये.

हे पक्ष्यासाठीच आहे, असे समजू नका. डोंगरातले हेच ओढे पवनेला आणि इंद्रायणीला मिळतात. त्यांच्यावर आपली भातखाचरे भिजतात. पिंपरी-चिंचवडचे लोक पवनेचे पाणी पितात. ओढ्यावर कस्तूर शीळ घालतो आहे, म्हणजे ओढ्यात ओल आहे, खेकडा आहे, काठाला सावली आहे. ज्या पावसाळ्यात ती शीळ येणार नाही, त्या वर्षी नुसत्या पाखराची काळजी करू नका. ओढ्याकडे जाऊन बघा.

आता तुम्ही लिहा

वाचकहो, पाखराची माहिती तुम्हाला आमच्यापेक्षा जास्त आहे. रानात तुम्ही हिंडता. कोणते पाखरू कधी येते, कशावर बसते, कुठे घरटे करते, हे तुमच्या डोळ्यांखालचे आहे. आजवर ते तुमच्या तोंडी होते. बोललेले वाऱ्यावर जाते. कुणी ऐकते, कुणी खोटे ठरवते. आता तुमच्या हातात अक्षर आले आहे.

म्हणून एक काम सांगतो. एक वही करा. तुमच्या वस्तीजवळ दिसलेल्या एका पाखराबद्दल चार ओळी लिहा. कोणत्या दिवशी दिसले? कुठे बसले होते? काय खात होते? तुमच्याकडे त्याला काय म्हणतात? शुद्धलेखनाची फिकीर करू नका. खरे तेवढे लिहा. न पाहिलेले लिहू नका.

आणि तुमच्या घरचे लेकरू धावत येऊन म्हणाले, “आई, ते बघ,” किंवा “बाबा, ते बघा,” तर हातातले काम ठेवा. दोन पावले चाला आणि बघा.

तो धनगराचा पोरगा आता पन्नाशीचा झाला असेल. कुठल्यातरी वस्तीवर दिवेलागणीला पाटी घेऊन तोही कदाचित अक्षरे गिरवत असेल. हा धडा त्याच्या हाती पडला, तर त्याने तो वाचावा. कुठे चुकले असेल, तर आम्हाला लिहून कळवावे. पत्ता सोपा आहे. मुक्काम पोस्ट उर्से, तालुका मावळ, जिल्हा पुणे. हेडमास्तर म्हटले, की पोस्टमन आणून देतो. आम्ही नोंद दुरुस्त करू.